दादाचा नकाशा आणि फीबास

मागच्या महिन्यात या सदरात पासवर्ड कसा ठेवावा यावर लिहिलं, आणि मंडळाच्या कोजागरीला तीन काकूंनी मला गाठून आपापले पासवर्ड मोठ्याने वाचून दाखवले, बरोबर आहेत का म्हणून. तेव्हा या वेळी जरा निरुपद्रवी विषय घ्यायचं ठरवलं: मासा. तोही खोटा, पडद्यावरचा.

निमित्त दिवाळीच्या साफसफाईचं. आईने माळ्यावरून बिस्किटांचा एक पत्र्याचा डबा खाली काढला. आत माझा गेम बॉय अ‍ॅडव्हान्स, त्यात घुसवलेलं पोकेमॉन रुबीचं लाल पारदर्शक कार्ट्रिज आणि चौकटीच्या वहीचा चार घड्या घातलेला एक कागद. बहीण आणि भाचा पुण्याहून आलेले होते. भाचा सहावीत आहे, त्याच्याकडे स्विच आहे, आणि माझ्या यंत्राकडे त्याने आपण जात्याकडे बघतो तसं बघितलं. घड्याळातले दोन सेल काढून घातले. पडदा लागला आणि सूचना आली की आतली बॅटरी संपली आहे, खेळ खेळता येईल, पण वेळेवर अवलंबून असलेल्या गोष्टी यापुढे घडणार नाहीत. गंमत म्हणजे खेळ शाबूत होता. रुबीत ती बॅटरी फक्त घड्याळापुरती असते. खेळाची नोंद फ्लॅश मेमरीत राहते. २००४ साली जिथे मी थांबलो होतो तिथेच माझा तो टोपीवाला मुलगा नदीकाठी गळ घेऊन उभा.

भाच्याने माझा सगळा संग्रह खालीवर केला आणि विचारलं, "मामा, तुझ्याकडे मिलोटिक नाही?"

"नाही."

"का? फीबास तर सोपा असतो."

हे वाक्य मला लागलं. का लागलं ते सांगायला थोडं मागे जावं लागेल.

ज्यांच्या घरात हे वारं शिरलेलं नाही त्यांच्यासाठी दोन ओळी. पोकेमॉन ही जपानी खेळमालिका. पहिले दोन खेळ, रेड आणि ग्रीन, २७ फेब्रुवारी १९९६ रोजी जपानात आले. रानात, पाण्यात, गुहेत प्राणी भेटतात, ते पकडायचे, वाढवायचे, झुंजवायचे. कर्ते सातोशी ताजिरी यांना लहानपणी किडे गोळा करण्याचा नाद होता, त्यातून ही कल्पना आली. आपल्याकडे बहुतेकांनी खेळाच्या आधी कार्टून पाहिलं आणि चिप्सच्या पाकिटातल्या चकत्या जमवल्या. माझीही सुरुवात चकत्यांपासूनच.

पहिल्यापासून या मालिकेत एक खोच आहे. प्रत्येक वेळी एकाच खेळाच्या दोन आवृत्त्या निघतात आणि एकातले काही प्राणी दुसरीत सापडतच नाहीत. रुबीत झँगूस आहे, सफायरमध्ये नाही. सफायरमध्ये सेबलाय आहे, रुबीत नाही. सगळे हवे असतील तर दुसरी आवृत्ती असलेला माणूस शोधायचा आणि दोन यंत्रं केबलने जोडून देवघेव करायची. म्हणजे दुर्मिळपणाचा पहिला प्रकार हा की वस्तू तुझ्याकडे नाही, शेजाऱ्याकडे आहे. उठ आणि त्याच्याकडे जा.

माझा शेजारी इंदूरला होता. माझा आतेभाऊ, माझ्याहून दोन वर्षांनी मोठा, म्हणून मी त्याला दादा म्हणतो. मस्कतहून आलेल्या काकांनी आम्हा दोघांना एकेक यंत्र आणलं: मला रुबी, त्याला सफायर. केबल एकच. ती मोठा म्हणून त्याच्याकडे. मे महिन्यात आणि दिवाळीत आमच्या भेटी व्हायच्या, तेव्हा आत्याच्या दिवाणाखाली बसून आम्ही वर्षभराचा हिशेब मिटवायचो.

आता फीबास. हा तपकिरी, फाटक्या कल्ल्यांचा, ओठ लोंबणारा मासा आहे. दिसायला इतका सामान्य की पकडल्यावर आपण चुकून काहीतरी पकडलं असं वाटतं. पण त्याचं सौंदर्य एका मर्यादेपलीकडे वाढवलं की त्याचा मिलोटिक होतो, आणि तो त्या खेळातला सगळ्यात देखणा जलचर आहे. सौंदर्य वाढवायचं म्हणजे फळं लावायची, ती घोटून वड्या करायच्या आणि माशाला भरवायच्या. पण त्याच्या आधी मासा सापडायला हवा. तो मिळतो फक्त एकशे एकोणिसाव्या रस्त्यालगतच्या लांबलचक नदीत. त्या नदीत गळ टाकता येतील अशा चारशेहून जास्त चौकटी आहेत. फीबास त्यांतल्या फक्त सहांत असतो. चौकटींवर खूण नाही, पाण्याचा रंग वेगळा नाही, काही नाही.

२००४ च्या एप्रिलमध्ये आत्या एका लग्नासाठी वडोदऱ्याला आली. तिच्या पर्समधून दादाचा कागद आला. चौकटीच्या वहीवर त्याने नदी काढली होती, धबधबा, पूल, झाडं, सगळं चौकटी मोजून. एका ठिकाणी लाल शाईची फुली आणि खाली लिहिलेलं: इथे उभा राहा, उजवीकडे तोंड कर, मी इथे दोन पकडले.

मी त्या फुलीवर दोनशे त्रेचाळीस वेळा मासा ओढला. आकडा आठवतो कारण वहीच्या मागच्या पानावर पाच-पाच रेघांचे गठ्ठे ओढत होतो. फीबास एकदाही नाही. दहाव्या दिवशी मी इंदूरला फोन लावला. दादा म्हणाला, "अरे तिथेच आहे, नीट मोज." मी म्हणालो, "खोटारडा आहेस." तेवढ्यावर थांबलो असतो तर ठीक होतं. पण फोन आत्याने घेतला आणि मी रडत तिला सांगितलं की दादाने मला मुद्दाम खोटा नकाशा दिला, माझी सगळी सुट्टी वाया घालवली. लहान भावाला फसवतो म्हणून आत्याने त्याचं यंत्र कपाटात घातलं आणि किल्ली कमरेला लावली. पुढच्या वर्षी त्याची दहावी. ते यंत्र बाहेर आलंच नाही. दिवाळीत आम्ही इंदूरला गेलो तेव्हा तो माझ्याशी जेवणाच्या पंगतीपुरतं बोलला. केबलही कपाटातच.

नंतर मोठे झालो, बोलायला लागलो, एकमेकांच्या लग्नात नाचलो. हा विषय मात्र कधी निघाला नाही.

बीई होऊन नोकरीला लागल्यावर एका रात्री सहज वाचत बसलो होतो. या जुन्या खेळांचा कोड चाहत्यांनी उलगडून वाचण्याजोगा करून ठेवला आहे. त्यात फीबासचा भाग सापडला आणि मला दरदरून घाम फुटला.

प्रकार असा आहे. त्या खेळात समुद्रकाठी एक छोटं गाव आहे, ड्यूफर्ड. तिथे एक पोरगं उभं असतं आणि गावात सध्या कसली टूम आहे ते सांगतं. टूम म्हणजे दोन शब्दांची जोडी. तुम्ही वेगळी जोडी सुचवू शकता, त्याला आवडली तर ती टूम होते. मला हा वेळ घालवायचा पोरखेळ वाटायचा. पण प्रत्येक टुमेसोबत खेळ एक यादृच्छिक आकडा साठवून ठेवतो, आणि नदीतल्या सहा चौकटी त्या आकड्यावरून काढल्या जातात. टूम बदलली की आकडा बदलतो, आकडा बदलला की मासे दुसरीकडे जातात. नदी एका टोकाला, गाव दुसऱ्या टोकाला, आणि दोघांचा संबंध आहे हे खेळात मला कुणीही सांगितलं नव्हतं.

आकड्यावरून चौकट काढायची रीत तर आपल्या ओळखीची. जुना आकडा ११०३५१५२४५ ने गुणायचा, त्यात १२३४५ मिळवायचे, की नवा आकडा. सी भाषेच्या पाठ्यपुस्तकात यादृच्छिक आकड्यांचं जे उदाहरण दिलेलं असतं, त्यातले हे आकडे. मी ते दुसऱ्या वर्षाच्या परीक्षेत लिहून आलो होतो. माझ्या सुट्टीची माती करणारं गणित मला पाठ होतं आणि पत्ता नव्हता.

म्हणजे दादाचा नकाशा खरा होता. त्याच्या नदीसाठी खरा. माझ्या कार्ट्रिजमधला आकडा वेगळा, म्हणून माझी नदी वेगळी. चित्र तेच, पूल तोच, धबधबा तोच, मासे भलतीकडे.

आणि इथे मला तेरा वर्षांच्या मला थोडं पाठीशी घालावंसं वाटतं. योग्य चौकटीवर मासा लागला तर तो फीबास असण्याची शक्यता निम्मी असते. दोनशे त्रेचाळीस वेळा नाणं उडवून एकदाही छापा पडला नाही तर कोणीही म्हणेल की नाण्याला छापाच नाही. माझी मोजणी चोख होती. त्या फुलीवर मासा नव्हताच. फक्त मी धरून चाललो होतो की आम्ही दोघं एकाच नदीवर उभे आहोत.

नकाशा नसता तर काय करायला हवं होतं? एकेका चौकटीवर तीन मासे ओढून पुढे सरकायचं. तीनांत फीबास नाही आला तरी आठात एक शक्यता उरतेच की चौकट बरोबर होती आणि नशीब खोटं. चारशे चौकटी, प्रत्येकी तीन, म्हणजे बाराशे मासे. एकाला अर्धा मिनिट धरलं तर दहा तास. हे करणारी मुलं होती. मी फुलीवर अडून बसलो, कारण माझ्याकडे नकाशा होता.

भाचा म्हणतो तसा हा मासा आता खरंच सोपा झाला आहे, आणि तो कसकसा सोपा होत गेला हे पाहणं मला त्या माशापेक्षा जास्त गमतीचं वाटतं. २००६ च्या डायमंड आणि पर्लमध्ये तो एका डोंगराच्या पोटातल्या धुक्याने भरलेल्या तळ्यात गेला. चौकटी ५२८, त्यांतल्या चारांतच मासा, आणि त्या चार रोज बदलणार. म्हणजे रुबीहून कठीण. आज अर्धं तळं शोधून झोपलात तर उद्या पाटी कोरी. २०१० च्या ब्लॅक आणि व्हाइटपासून मिलोटिक करायची रीत बदलली. सौंदर्य वगैरे नाही, फीबासच्या हातात एक विशिष्ट खवला द्यायचा आणि त्याची दुसऱ्या खेळाडूशी देवघेव करायची. २०१४ साली रुबी-सफायर नव्या रूपात आले. नदी तीच, पण आता पुलाखालची एक जागा कायमची ठरलेली, तिथे फीबास असतोच. तो पूल दादाने त्याच्या नकाशात काढलेला आहे. आणि २०२२ च्या स्कार्लेट-व्हायोलेटला २०२३ मध्ये जी पुरवणी जोडली गेली, तिच्यात फीबास पाण्यात पोहताना डोळ्यांना दिसतो. बघायचं, गाठायचं, पकडायचं. माझा भाचा खोटं बोलत नव्हता. मी एकदा घरातल्या एका मुलाला खोटारडा ठरवून बसलो आहे, म्हणून या वेळी आधी खात्री केली.

सगळाच दुर्मिळपणा असा ओसरत आला असं मात्र नाही. त्याची जात बदलली. पहिल्या खेळांत गवतात चालताना काय भेटेल त्याची एक दहा खणांची यादी असायची. २५६ पैकी ५१ वेळा पहिल्या खणातला प्राणी, आणि शेवटच्या खणाच्या वाट्याला २५६ पैकी फक्त ३. शेवटच्या खणात बसवलेला प्राणी झाला दुर्मिळ. यात कसली जादू नाही, एका तक्त्यातला आकडा. तरी वर्गात त्याच्यावरून मारामाऱ्या होतात.

मग म्यू. पहिल्या खेळाचं काम संपत आल्यावर चाचणीची साधनं कार्ट्रिजमधून काढली गेली आणि सुमारे तीनशे बाइट जागा उरली. शिगेकी मोरिमोटो या प्रोग्रामरने तिथे गुपचूप एक प्राणी बसवला. खेळात तो कुठेच भेटणार नव्हता. कुजबूज पसरली, आणि १९९६ मध्ये कोरोकोरो या जपानी मुलांच्या मासिकातून जाहीर केलं की वीस जणांना म्यू मिळेल. ७८ हजारांवर अर्ज आले. इंजिनिअर म्हणून मला मोरिमोटोंची चलाखी आवडते. (आमच्याकडे कुणी शेवटच्या दिवशी असं काही केलं असतं तर त्याला घरी पाठवलं असतं.) पण ज्या प्राण्यापर्यंत खेळून पोचताच येत नाही, जो पत्रिका आली तरच मिळतो, तो दुर्मिळ आहे असं म्हणायला माझी जीभ वळत नाही. तो राखीव आहे. पुढे कित्येक प्राणी असेच आले, अमुक दुकानात, अमुक महिन्यात, अमुक देशात. त्या काळात आमच्यासारख्या मस्कतच्या काकांवर अवलंबून असलेल्यांना ते मिळण्याचा प्रश्नच नव्हता.

दुसरी जात रंगाची. १९९९ च्या गोल्ड आणि सिल्व्हरपासून कुठलाही प्राणी क्वचित वेगळ्या रंगात भेटतो. खेळणारे त्याला शायनी म्हणतात. ८१९२ त एक असं प्रमाण. हा आकडा कुठून आला ते पाहण्यासारखं आहे. प्रत्येक प्राण्याला चार गुण असतात आणि प्रत्येक गुणाला ० ते १५ मधला एक आकडा. त्यांतल्या तीन गुणांना नेमके १० हवेत आणि हल्ल्याच्या गुणाला आठ ठरावीक आकड्यांपैकी एक. एकूण जुळण्या ६५५३६, त्यांतल्या चालणाऱ्या आठ. भागाकार करा. २०१३ च्या एक्स आणि वायपासून हे प्रमाण ४०९६ त एक झालं, आणि त्यावर हमखास उपायांची रास चढली. दोन वेगवेगळ्या भाषांतल्या खेळांतले प्राणी जोडीला ठेवले की शक्यता सहापट होते. त्याला जुनिची मासुदा यांच्या नावाने मासुदा पद्धत म्हणतात. खास ताईत घेतला की आणखी वाढते. भाच्याकडे असे रंगीत प्राणी एकोणचाळीस आहेत. माझ्याकडे एक, तोही लाल गायरॅडोस, जो गोल्डमध्ये कथेतच सगळ्यांना भेटतो.

इथे एक गोष्ट मुलांना आवर्जून सांगतो, कारण मोठ्यांचीही यात फसगत होते. ८१९२ त एक म्हणजे ८१९२ वेळा खेळलं की मिळणारच, असं नाही. तितके प्रयत्न करूनही हात रिकामा राहण्याची शक्यता जवळपास ३७ टक्के असते. खेळाला तुमचे आधीचे प्रयत्न आठवत नाहीत. आठ हजार वेळा हरलेला आणि आज सकाळी सुरू केलेला, पुढच्या खेपेला दोघं सारखेच. भाच्याला हे पटलं नाही. त्याच्या मते खेळाला दया येते.

मला स्वतःला सगळ्यात आवडते ती तिसरी जात, जिने माझं वाटोळं केलं ती. जिथे प्राणी कुठे आहे हे प्रत्येकाच्या खेळात वेगळं असतं. फीबास एकटा नाही. रुबीतच एक मृगजळाचं बेट आहे. खेळ रोज एक आकडा काढतो आणि तुमच्याजवळच्या प्राण्यांच्या अंगभूत आकड्याशी ताडून बघतो. जुळला तर बेट दिसतं. एका प्राण्यामागे शक्यता ६५५३६ त एक. एका घरातला म्हातारा रोज म्हणतो, आज बेट दिसत नाही. मी त्याला दीड वर्ष रोज विचारलं. डायमंड आणि पर्लमध्ये मंचलॅक्स नावाचा खादाड प्राणी आहे. एकवीस झाडांना मध फासायचा, सहा तास थांबायचं. तो त्यांतल्या चारच झाडांवर येतो, तिथेही शंभरात एकदा, आणि ती चार झाडं कोणती हे तुमच्या खेळाडूच्या ओळख क्रमांकावरून पहिल्याच दिवशी ठरलेलं असतं. मित्राची झाडं तुमच्या कामाची नाहीत. अशा प्राण्यांसाठी पुस्तकातलं उत्तर छापता येत नाही. ज्याने तो पकडला, त्याने तो खरंच पकडला.

मोबाइलवरच्या पोकेमॉन गोने हाच खेळ खऱ्या पृथ्वीवर मांडला. भारतात तो २०१६ च्या डिसेंबरात आला. कँगासखान ऑस्ट्रेलियात, टॉरोस उत्तर अमेरिकेत, फारफेच्ड जपानच्या बाजूला. आपल्या वाट्याला टॉरकोल, धूर सोडणारं कासव. मेलबर्नला स्थायिक झालेल्या आमच्या एका वहिनींना आमच्या कासवाचं अप्रूप आणि आम्हाला त्यांच्या कँगासखानचं. पण देवघेवीसाठी तेव्हा दोघं साधारण शंभर मीटरच्या आत असायला लागायचे. त्या तीन वर्षांनी आल्या तेव्हा स्टेशनवरच, सामान उतरवायच्या आधी, व्यवहार झाला. सासूबाई बघत राहिल्या.

या सगळ्यातून भाच्याने एकच प्रश्न काढला, आणि तो चांगला होता. "मामा, हे जुने प्राणी माझ्या स्विचमध्ये आणता येतील?"

येतात. पण वाट बघा. रुबीतला प्राणी डायमंडमध्ये नेता येतो, त्यासाठी निन्टेन्डो डीएसचं ते जुनं मॉडेल हवं ज्यात खालच्या बाजूला गेम बॉयचं कार्ट्रिज बसतं. तिथून ब्लॅक-व्हाइटमध्ये, दुसरा डीएस घेऊन. तिथून थ्रीडीएसवरच्या बँकेत, आणि तिचं दुकान २०२३ च्या मार्चमध्ये बंद झालं, म्हणजे बँक आधीच उतरवून ठेवलेली असेल तरच. तिथून पोकेमॉन होममध्ये, तिथून स्विचवर. होमपर्यंतची प्रत्येक पायरी एकमार्गी, परत फिरणं नाही. त्यातही २०१९ च्या सोर्ड आणि शील्डपासून प्रत्येक खेळात सगळ्या प्राण्यांना जागा नसते. तुमचा प्राणी यादीत नसेल तर तो होममध्येच बसून राहतो. आणि १९९९ च्या गोल्डमधल्या कार्ट्रिजवरच्या प्राण्यांना तर ही वाटही नाही. गोल्ड आणि रुबी एकमेकांशी बोलतच नाहीत. माझा लाल गायरॅडोस जिथे आहे तिथेच राहणार. आजच्या हिशेबात सगळ्यात दुर्मिळ कोण, असं मला विचाराल तर मी म्यू सांगणार नाही. २००३ साली कुणीतरी रुबीत पकडलेला आणि या पाचही पायऱ्या चढून स्विचवर पोचलेला साधा फीबास.

"मग दादामामाकडे आहेत ना दोन," भाचा म्हणाला.

मग मला फोन करावाच लागला. भाऊबीजेच्या दुसऱ्या दिवशी, रात्री. दादा हैदराबादला असतो. मी त्याला सगळं सांगितलं: टूम, आकडा, सहा चौकटी, त्याची नदी, माझी नदी. तो बराच वेळ काही बोलला नाही. मला वाटलं फोन कटला. मग म्हणाला, "मी दर दोन दिवसांनी त्या पोराला नवे शब्द सांगायचो. म्हणजे मीच मासे हलवत होतो की काय?" मी म्हणालो, तुझ्या नदीतले, हो. म्हणाला, "मला नंतर एकही मिळाला नाही. मला वाटलं तू शाप दिलास."

मी माफी मागितली. तो म्हणाला, मला काय सांगतोस, आईला सांग.

तेव्हा दुसऱ्या दिवशी मी इंदूरला फोन लावला. आत्या आता बहात्तर वर्षांची आहे आणि ऐकायला जरा कमी येतं. मी म्हणालो, "आत्या, दादाने तेव्हा मला फसवलं नव्हतं. नकाशा खरा होता." ती म्हणाली, "कसला नकाशा?" मी म्हणालो, माशाचा. ती म्हणाली, "कसला मासा? आपल्याकडे कोण खातं?" वीस मिनिटं लागली. शेवटी तिला कपाट आठवलं. मग ती थांबली आणि म्हणाली, "म्हणजे मी उगाच काढून घेतलं त्याच्याकडून." मी म्हणालो, माझ्यामुळे. ती म्हणाली, "अरे तो कितीदा मागत होता. दहावीनंतर देते म्हटलं, मग राहूनच गेलं. तसंच आहे ते. वायरसुद्धा आहे."

वायर, म्हणजे केबल.

आता एक शेवटची तांत्रिक गोष्ट, जी मी भाच्याला सांगून चूक केली. रुबी आणि सफायर केबलने जोडून दोघांच्या नोंदी एकमेकांत मिसळायची सोय खेळात आहे. आम्ही ती कधी वापरली नाही, आम्हाला फक्त देवघेव माहीत होती. नोंदी मिसळल्या की टुमाही इकडून तिकडे जातात, आणि टुमेबरोबर तिचा तो आकडाही जातो. म्हणजे त्या एप्रिलमध्ये आत्याच्या पर्समधून कागदाऐवजी दादा स्वतः केबल घेऊन आला असता तर आमच्या दोघांच्या नद्या एक होऊ शकल्या असत्या, आणि मग ती लाल फुली माझ्यासाठीही खरी ठरली असती.

भाच्याची शाळा सोमवारी उघडते. त्याने पुण्याचं परतीचं तिकीट इंदूरमार्गे करता येईल का ते बघायला लावलं आहे. मी म्हणालो, त्या कार्ट्रिजचंही घड्याळ थांबलं असणार, फळं वाढणार नाहीत, फळं नाहीत तर वड्या नाहीत, वड्या नाहीत तर मिलोटिक नाही, फक्त तो तपकिरी मासा मिळेल. तो म्हणाला, चालेल. दादाही शनिवारची रजा टाकतो म्हणतोय. आत्याने विचारलं आहे, किती जणांचं जेवण धरू.